जत्रेच्या नाटकातला खलनायक आणि चीनचा चेन छ्यांग

कुळागरवाला (फोंडा तालुका)

नमस्कार मंडळी. जरा लांबण लागेल, पण सगळं सांगितल्याशिवाय माझा प्रश्न कळणार नाही.

फोंड्याच्या बाजारात माझं हार्डवेअरचं दुकान आहे आणि गेली २२ वर्षं मी आमच्या गावच्या जत्रेच्या नाटकात काम करतो. पहिली दोन वर्षं शिपाई आणि नोकर केले. तिसऱ्या वर्षी खलनायक करणारा मुलगा नोकरीसाठी आखातात गेला, दिग्दर्शकांनी माझ्याकडे पाहिलं आणि तेव्हापासून मी खलनायकच. उंची आहे, आवाज आहे, भुवया दाट आहेत. काम मला मनापासून आवडतं. वर्षभर खिळे-पत्रे विकताना डोक्यात तेच चाललेलं असतं.

गोव्याबाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. पालखी देवळाला फिरून आत गेली की मध्यरात्र उलटल्यावर आमचा पडदा उघडतो. शेवटचा अंक संपतो तेव्हा फटफटलेलं असतं. पुढे चटयांवर बायका-मुलं, मागे खुर्च्या, त्याच्याही मागे खाज्यांची दुकानं. कला अकादमीच्या स्पर्धेत काळोखात बसलेले प्रेक्षक आपल्याला दिसत नाहीत. इथे पहिली चटई मंचापासून दोन हातांवर असते आणि तिच्यावरचा प्रत्येक चेहरा आपल्या ओळखीचा असतो.

गेल्या जत्रेला गावातल्याच एकाने लिहिलेलं नाटक होतं. मी भाटकार, म्हणजे जमीनमालक. मुंडकाराने, म्हणजे भाटकाराच्या जमिनीत घर करून राहणाऱ्याने, देवळाच्या सभेत आपल्याविरुद्ध तोंड उघडलं म्हणून हा त्याचं घर पाडायला निघतो. दुसऱ्या अंकाच्या शेवटी मुंडकाराची म्हातारी आई पेजेचं भांडं घेऊन आडवी येते आणि मी ते लाथेने उडवतो. दिग्दर्शकांचा हट्ट होता की पेज खरी हवी. घरून शिजवून आणलेली उकड्या तांदळाची पेज. भांडं कलंडलं, पेज फळ्यांवरून वाहत पुढे आली आणि मंचाच्या कडेवरून थेंब थेंब पहिल्या चटईवर पडायला लागली. कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. एका बाईने तेवढी चटई मागे ओढून घेतली.

आमच्या शेजारी एक आजी आहेत, ८४ वर्षांच्या. माझी आई शेतात जायची तेव्हा मी त्यांच्याच चुलीपाशी जेवून मोठा झालो. जत्रेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांच्याकडे चहाला जायचं, हा माझा नेम. दरवर्षी कप हातात देतात. या वेळी त्यांनी तो सोप्यावर ठेवला आणि हात मागे घेतला. मी काही विचारण्याआधीच म्हणाल्या, “कालचें दोळ्यांमुखार येता रे पुता. चा पी.” पोर्तुगीज अमदानीत त्यांच्या वडिलांचं घर भाटकाराने पाडलं होतं, आजी तेव्हा नऊ वर्षांच्या. हे मला लहानपणापासून माहीत होतं. तालमीच्या दोन महिन्यांत ते एकदाही माझ्या मनात आलं नाही.

दुसरी गोष्ट माझ्या मुलीची. आठवीत आहे. वर्गातली मुलं तिला ‘भाटकाराची पोर’ म्हणतात. ती रडत नाही, पण यंदा म्हणाली, “पप्पा, या वेळी दुसरं काहीतरी कर.”

असं सगळं मनात असताना पावसाळ्यात पणजीचा एक मित्र दुकानात आला. पाऊस एवढा होता की गिऱ्हाईक नव्हतंच. त्याने लॅपटॉपवर १९५० चा एक चिनी चित्रपट लावला, ‘पांढऱ्या केसांची मुलगी’. त्यातला जमीनदार ह्वांग शिरेन करणारा नट चेन छ्यांग. वर्षाच्या शेवटच्या रात्री बाहेर बर्फ पडतंय, आत मेजवानी चाललीय, आणि कर्ज फेडता येत नाही म्हणून एका म्हाताऱ्या कुळाचा अंगठा धरून त्याची मुलगी लिहून घेतात. त्यावर त्या माणसाचा चेहरा असा, जसं काही रोजचंच काम उरकतोय! मी पाठीत गार पडलो. २२ वर्षं मी आरडाओरडा करतोय आणि हा माणूस नुसता बसून माझ्या दहापट करतो.

मित्र म्हणाला की या नटावर प्रेक्षकांतल्या एका शिपायाने खरोखर बंदूक रोखली होती. हे खरं आहे का? या माणसाने जन्मभर वाईट माणसंच केली का? आणि त्याच्या घरी मुलं होती का, त्यांचं काय झालं? जाणकारांनी कृपया सांगावं. दसऱ्यानंतर आमच्या तालमी सुरू होतात, त्याआधी मला काहीतरी ठरवायचं आहे.

---

मांडवीकाठ (पणजी)

बाब, तुमचं लिहिणं दोनदा वाचलं. मी चाळीसेक वर्षं फिल्म सोसायटीत काढली आहेत आणि हा नट माझ्या आवडीचा, त्यामुळे जे खात्रीचं आहे ते सगळं सांगतो.

बंदुकीची गोष्ट खरी आहे. आणि तुम्हाला जवळची वाटेल अशी बाब म्हणजे ती सिनेमाच्या पडद्यासमोर घडलेली नाही, नाटकाच्या मंचासमोर घडली. चित्रपटाच्या आधी ते संगीत नाटक होतं. १९४५ च्या वसंतात येनानला त्याचा पहिला प्रयोग झाला. येनान म्हणजे कम्युनिस्टांचं तेव्हाचं मुख्य ठाणं, पिवळ्या मातीच्या डोंगरात कोरलेल्या गुहांचं गाव. चेन छ्यांग यांचा जन्म १९१८ चा, हबेई प्रांतातला. विशीत, १९३८ साली, ते येनानला पोचले आणि तिथल्या लू शुन कला अकादमीत शिकले. पहिल्या प्रयोगापासून ह्वांग शिरेन त्यांनीच केला.

पुढे यादवी युद्धाच्या काळात हे नाटक उत्तरेकडच्या गावोगावी आणि सैन्याच्या तळांवर फिरलं. मैदानात मंच, समोर जमिनीवर बसलेले शेतकरी आणि शिपाई, म्हणजे तुमची जत्राच म्हणा ना. हबेईत एका प्रयोगाला समोर बसलेल्या नव्या भरतीच्या शिपायाने बंदुकीत गोळी चढवली आणि मंचावरच्या ह्वांगवर नेम धरला. शेजारच्याने झडप घालून ती ओढून घेतली म्हणून निभावलं. त्यानंतर हुकूमच निघाला की नाटकाला बसण्याआधी सगळ्यांनी बंदुका रिकाम्या करायच्या. दुसऱ्या एका गावी शेवटच्या प्रवेशात लोकांनी हातातली फळं मंचावर भिरकावली, त्यातलं एक त्यांच्या डोळ्यावर बसलं. डोळा काळानिळा होऊन सुजला. तसल्या डोळ्याने ते पुढचे प्रयोग करत राहिले.

आता मला सर्वांत मोलाची वाटते ती गोष्ट. मूळ नाटकाच्या शेवटी ह्वांगला गोळी घालत नव्हते. लोकांपुढे त्याचे अपराध वाचले जात आणि पडदा पडे. अकादमीच्या भटारखान्यातल्या आचाऱ्याने तालीम पाहिली आणि भाजी चिरता चिरता तो धुसफुसायला लागला की नाटक चांगलं आहे, पण एवढं सगळं करून त्या ह्वांगला जिवंत सोडता, हा कुठला न्याय? लिहिणाऱ्यांनी ते तेव्हा मनावर घेतलं नाही. पहिला प्रयोग झाला आणि पक्षाच्या वरच्या मंडळींकडूनही तोच निरोप आला. मग शेवट बदलला.

१९४९ ला सत्तापालट झाला आणि सिनेमाचं केंद्र बनलं छांगछुन. तिथला स्टुडिओ मुळात मांचुरिया ताब्यात असताना जपान्यांनी उभारलेला. तिथे १९५० साली हा चित्रपट झाला. मुलीचं काम थ्येन ह्वाने केलं, जमीनदार अर्थात चेन छ्यांग. पुढच्याच वर्षी कार्लोव्ही व्हारीच्या महोत्सवात चित्रपटाचा गौरव झाला.

दुसरी मोठी भूमिका १९६१ ची, श्ये चिन दिग्दर्शित ‘स्त्रियांची लाल तुकडी’. हायनान बेटावरचा जुलमी जमीनदार नान बाथ्येन. (त्याच वर्षाच्या डिसेंबरात आपण मुक्त झालो, म्हणून ते साल माझ्या पक्कं लक्षात आहे.) नारळीची झाडं, दमट ऊन, कौलारू वाडे, बघताना आपल्याकडचंच काहीतरी बघतोय असं वाटतं. इथे ह्वांगपेक्षा फार वेगळी चाल आहे. नायक परदेशातून आलेल्या श्रीमंत व्यापाऱ्याच्या वेषात त्याच्या वाड्यावर येतो तेव्हा हा किती अदबीने पाहुणचार करतो ते बघा. त्याच वाड्यात पळून जायला बघणारी मोलकरीण कोंडलेली आहे. त्या अदबीनेच अंगावर काटा येतो.

आणि मग १९६२. ‘लोकप्रिय सिनेमा’ नावाच्या मासिकाने वाचकांच्या मतांवर ‘शंभर फुलं’ हे पारितोषिक सुरू केलं. पहिल्याच वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपट ‘लाल तुकडी’, दिग्दर्शक श्ये चिन, अभिनेत्री चू शीच्युआन आणि सहायक अभिनेता चेन छ्यांग. ज्याला लोकांनी फळं मारली होती त्यालाच लोकांनी मतं दिली. तोवर तिथल्या थिएटरांत सोव्हिएत नटनट्यांच्या तसबिरी लागत. त्याच सुमारास त्या उतरवून देशातल्या २२ कलावंतांचे फोटो लावले गेले. देशभक्त नायक, क्रांतिकारक नायिका, आणि त्या रांगेत हा जमीनदारही.

मुलांबद्दल रात्री लिहितो, आता नातवाला क्लासला सोडायचं आहे.

---

सोलापूरचा जावई (म्हापसा)

एक लहानशी भर. या नाटकामागची पांढऱ्या केसांच्या देवीची दंतकथा उत्तर चीनच्या ज्या डोंगराळ सरहद्द भागात १९४० च्या सुमारास पसरली, त्याच भागात, त्याच वर्षांत आपले डॉ. द्वारकानाथ कोटणीस शस्त्रक्रिया करत होते. ९ डिसेंबर १९४२ ला त्यांनी तिथेच देह ठेवला. गोष्टीतली मुलगी जमीनदाराच्या घरातून पळून डोंगरात राहते, मीठ न मिळाल्याने केस पांढरे होतात आणि देवळातला नैवेद्य खाऊन ती जगते. गावकऱ्यांना वाटतं, देवीच वावरते आहे. डॉक्टरांच्या कानावर ही कथा आली असेल का, असं माझ्या मनात नेहमी येतं.

---

साखळीची माई

कुळागरवाले दादा, तुमच्या आजींचा कप डोळ्यांपुढून हलत नाही. मी महिला मंडळाच्या नाटकांत २० वर्षं कामं केली, दोनदा सासू म्हणून शिव्या खाल्ल्या, त्यामुळे तुमचं दुखणं मला कळतं. पण वर मांडवीकाठ यांनी जे लिहिलं त्यात एक बाजू राहिली असं मला वाटतं आणि ती बोलायला हवी.

ते नाटक करमणुकीसाठी गावोगाव फिरत नव्हतं. सैन्यात आणि खेड्यांत तेव्हा ‘दुःख सांगा’ अशा सभा भरवत. एकेकाने उठून आपल्यावर जमीनदाराने काय काय केलं ते सगळ्यांपुढे सांगायचं. लोकांचा संताप पेटवायला हे नाटक लावत असत. आणि जमीनवाटपाच्या मोहिमेत त्या संतापाने खरीखुरी माणसं भर सभेत मारली गेली, फार मोठ्या संख्येने. त्यांच्यात ह्वांगसारखे किती होते आणि चार बिघे जास्त असलेले साधे किती होते, हे तिथे कोणी तोलून बघत बसलं नाही. बंदूक रोखणाऱ्या शिपायाच्या हातून शेजाऱ्याने बंदूक ओढून घेतली. सभांमधल्या माणसांसाठी असं ओढून घेणारं कोण होतं?

माझे वडील कूळ होते. गोव्यात १९६४ चा कूळकायदा आला, १९७५ चा मुंडकार कायदा आला, १९७६ ची कूळकायद्याची पाचवी दुरुस्ती आली. वडिलांनी चप्पल झिजेपर्यंत कचेरीच्या पायऱ्या चढल्या आणि शेवटी शेत नावावर झालं. वेळ फार गेला, पण कोणाच्या अंगाला बोट लागलं नाही. भाटकाराच्या नातीबरोबर मी शाळेत एका बाकावर बसले. म्हणून सांगते, लोकांना पेटवायचं काम सोपं आहे. पेटलेल्या लोकांना घेऊन तुम्ही शेवटच्या अंकात कुठे जाता, ते मला नाटकात बघायचं असतं.

चेन छ्यांग यांच्या अभिनयाबद्दल माझं काही म्हणणं नाही. त्या शिपायाचं वय काय असेल हो? १८? त्याच्या घरी काय घडलेलं असेल?

---

मांडवीकाठ (पणजी)

माई, तुम्ही लिहिलंत ते खरं आहे आणि मी ते आधीच लिहायला हवं होतं. ते नाटक आणि ती मोहीम वेगळी काढता येत नाही. एवढंच जोडतो की ज्या व्यवस्थेसाठी या माणसाने शिव्या आणि फळं झेलली तिने पुढे त्यालाही सोडलं नाही. १९६६ नंतरच्या सांस्कृतिक क्रांतीत आधीचे बहुतेक चित्रपट बंद झाले, कलावंतांवर आरोप झाले, चेन छ्यांगही पडद्यावरून गेले. ‘लाल तुकडी’ आणि ‘पांढऱ्या केसांची मुलगी’ यांचे बॅले तेवढे राहिले, त्यांत नवे नर्तक. १९७२ च्या फेब्रुवारीत अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन बीजिंगला आले तेव्हा त्यांना दाखवला तो ‘लाल तुकडी’चा बॅलेच. मूळ नान बाथ्येन तेव्हा कोणाच्या खिजगणतीत नव्हता.

आता कुळागरवाले यांच्या दोन प्रश्नांकडे वळतो.

जन्मभर वाईट माणसंच केली का? नाही. १९४९ साली नव्या चीनचा पहिला कथापट आला, रेल्वेचा पूल दुरुस्त करणाऱ्या कामगारांचा, त्यात ते कामगार होते. १९६२ ला चीनचा पहिला त्रिमितीय चित्रपट आला, चष्मा लावून बघायचा, त्यात ते जादूगार झाले, आणि तो विनोदी चित्रपट होता. म्हणजे नान बाथ्येनला बक्षीस मिळालं त्याच वर्षी हा माणूस पडद्यावर लोकांना हसवत होता.

आणि मुलं. १९४९ नंतर चिनी कलापथकं पूर्व युरोपात पाठवत असत, तशात ते हंगेरीत बुदापेस्टला जाऊन आले. त्या शहराने त्यांना इतकं वेड लावलं की थोरल्याचं नाव ठेवलं बुदा आणि धाकट्याचं पेइसी. चिनी भाषेत त्या शहराचं नावच ‘बुदापेइसी’ असं आहे, ते दोघांत वाटून दिलं.

धाकटा चेन पेइसी १९५४ चा. कोवळ्या वयात त्यालाही आंतर मंगोलियात कष्टाला धाडलं होतं. परत आल्यावर वडिलांनीच त्याला अभिनयाकडे वळवलं. १९७९ ला एक विनोदी चित्रपट आला, कारखान्यातल्या एका कुटुंबाचा, त्यात बाप-लेकाची कामं या खऱ्या बाप-लेकांनी केली. करडा, जुन्या वळणाचा बाप आणि उनाड मुलगा. या वेळी लोकांनी ह्वांग शिरेनला पाहिलं तेव्हा तो घरात मुलावर डाफरत होता आणि थिएटर हसत होतं. १९८० च्या दशकात या जोडीने तसे आणखी चित्रपट केले. १९८४ च्या नववर्षाच्या टीव्ही कार्यक्रमात पेइसीने नूडल्स खाण्याचं एक छोटं नाटुकलं केलं. हातात रिकामं भांडं आणि दोन काड्या, नूडल्स नाहीतच. ते इतकं गाजलं की आजही तिथल्या माणसाला त्याचं नाव सांगा, तो हसेल. खलनायकाचा मुलगा त्या देशाचा सर्वांत लाडका विनोदी नट झाला.

चेन छ्यांग २०१२ च्या जूनमध्ये गेले, ९४ व्या वर्षी. तुमच्या मुलीला हे सगळं जरूर सांगा.

---

तारवटी (वास्को)

मी बोटीवर इंजिनीअर. हायकौ, छिंगदाव, निंगपो, सगळी बंदरं झाली. आमच्या एका बोटीवर चिनी फिटर होता, माझ्यापेक्षा वयाने मोठा. पगार उशिरा झाला की तो कप्तानाच्या खोलीकडे बोट करून म्हणायचा, “ह्वांग शिरेन!” मला वाटायचं कप्तानाचं चिनी नाव असेल. मग त्याने समजावलं. त्यांच्याकडे पैसे वसूल करणाऱ्या कोणालाही ह्वांग शिरेन म्हणतात आणि कर्जात बुडालेल्याला यांग बायलाव, म्हणजे गोष्टीतला मुलीचा बाप. वर्तमानपत्रांतसुद्धा तसंच छापतात. हल्ली देणेकरीच शिरजोर झालेत हे सांगायचं असेल तरी तीच दोन नावं.

त्या फिटरला नाटक पाहिल्याची आठवण नव्हती. चित्रपट शाळेत असताना गावच्या मैदानात पडदा बांधून दाखवला होता, तो आठवत होता. म्हणाला, ह्वांग पडद्यावर आला की आमची आजी उठून पाठ करून बसायची. कुळागरवाल्यांची आजी वाचली आणि तेच डोळ्यांसमोर आलं, म्हणून लिहिलं.

---

कुळागरवाला (फोंडा तालुका)

सर्वांचे मनापासून आभार. चार दिवस लिहिलं नाही, कारण मांडवीकाठ यांचा आचारी आणि माईंचा शेवटचा अंक, हे दोन्ही डोक्यात घुसून बसले होते.

मी आतापर्यंत असं धरून चाललो होतो की आजींना माझी लाथ लागली. पेज सांडली, त्यांना बापाचं घर आठवलं, म्हणून कप सोप्यावर. पण आचाऱ्याची गोष्ट वाचली आणि आमच्या नाटकाचा शेवट आठवला. तिसऱ्या अंकात भाटकाराचा मुलगा तापाने फणफणतो, मुंडकाराची आई झाडपाला देऊन त्याला वाचवते, आणि माझं हृदयपरिवर्तन होतं. मी तिच्या पायांवर डोकं ठेवतो, ती म्हणते, “उठ बाळा,” आरती, पडदा. त्या प्रवेशात मी दरवर्षीप्रमाणे खरोखर रडलो होतो. लोकांनी टाळ्या दिल्या होत्या. दिग्दर्शक म्हणाले होते की खलनायकालाही लोकांनी माफ केलं, हे आपल्या नाटकाचं यश.

रविवारी संध्याकाळी आजींकडे गेलो. त्या पडवीत सुपारी सोलत बसल्या होत्या. मीही बसलो, दुसरी विळी घेतली. चिनी नटाची सगळी गोष्ट सांगितली, बंदूक, फळं, सुजलेला डोळा. त्या ऐकत होत्या, हात थांबले नाहीत. आचाऱ्यापाशी आलो तेव्हा मात्र थांबले. मग मी सरळ विचारलं, “आजी, आमच्या नाटकात तुला काय लागलं? पेज सांडली ते?”

म्हणाल्या, “पेज? पेज कितल्योशोच सांडल्यात रे. ताका सोडलो कित्याक?”

म्हणजे त्या भाटकाराला सोडलाच कसा. त्यांचं म्हणणं मराठीत थोडक्यात असं. घर पाडलं तेव्हा आजींच्या वडिलांनी जवळच्या आंब्याखाली दोन पावसाळे झापांच्या आडोशात काढले. नंतर भाटकार म्हातारा झाला, देवळात भेटायचा, गोड बोलायचा, एकदा वडिलांच्या खांद्यावर हातही ठेवला. घराचा विषय कोणी काढला नाही. वडीलही गेले, भाटकारही गेला. सगळे म्हणायचे, जाऊ दे आता, तो सुधारला. “पुण घर खंय?” असं आजी म्हणाल्या आणि पुन्हा सुपारी सोलायला लागल्या.

माफी मागितली, रडला, पायावर डोकं ठेवलं. पण घर कुठे आहे? २२ वर्षं नाटक करून हा प्रश्न मला सुचला नव्हता. आमच्या नाटकात पाडलेलं घर तिसऱ्या अंकात पाडलेलंच राहतं. नेपथ्यात त्याचा पडदासुद्धा गुंडाळून ठेवतात, आरतीला जागा व्हावी म्हणून.

सोमवारी लिहिणाऱ्याकडे गेलो. तोही गावातलाच, वयाने माझ्याहून लहान. आधी तो रागावला, म्हणाला, गेल्या वर्षी झालेलं नाटक परत कोण करतं? मी म्हटलं, शेवट बदलला तर ते परत केल्यासारखं होणार नाही. गोळी घालायची नाही, हे मी आधीच सांगून टाकलं. माई, तुमची चप्पल झिजलेली गोष्ट मी त्याला मोबाईलवर वाचून दाखवली, तुमची हरकत नसेल असं धरून. तो बराच वेळ गप्प बसला. मग म्हणाला, मामलेदारापुढची सुनावणी मंचावर आणली तर? भाटकार कागदावर सही करतो. रडत नाही, पायांवर पडत नाही. सही करतो, लेखणी खाली ठेवतो आणि उठून जातो. सगळा गाव बघत असतो. मग घराचा पडदा परत उघडतो.

मला ते ऐकूनच हातापायांत बळ आलं. ती सही कशी करायची याचा विचार करतोय. चेन छ्यांग कसे करतील? मला वाटतं ते कागद आधी नीट वाचतील. शेवटच्या ओळीपर्यंत. घाई करणार नाहीत.

काम मीच करणार आहे. मुलीला शनिवारी रात्री बाप-लेकाची गोष्ट सांगितली. बुदा आणि पेइसी ही नावं तिला फार आवडली, दोन-तीनदा म्हणून बघितली. मग तिने विचारलं की पेइसीला शाळेत कोणी चिडवायचं का. मी म्हटलं, माहीत नाही. ती म्हणाली, “चिडवत असणारच.” आणि थोड्या वेळाने म्हणाली, “सहीच्या सीनला मी विंगेत उभी राहिले तर चालेल?” तिला प्रॉम्प्टरच्या शेजारी स्टूल देतो, असं कबूल केलं आहे.

---

साखळीची माई

दादा, हरकत कसली. वडील असते तर त्यांना किती बरं वाटलं असतं. सहीच्या वेळी एक गोष्ट ध्यानात ठेवा. आमच्या वेळी भाटकाराने सही केली ती स्वतःच्या पेनाने. कचेरीतलं पेन पुढे केलं होतं, ते त्याने बाजूला सारलं आणि खिशातून आपलं काढलं. वडील हे शेवटपर्यंत सांगायचे. वापरता आलं तर वापरा.

---

कुळागरवाला (फोंडा तालुका)

माई, वापरणार. आत्ताच लिहिणाऱ्याला फोन करून सांगितलं, त्याने लिहून घेतलं.

दसऱ्यानंतरच्या पहिल्या सोमवारी रात्री नऊला देवळाच्या चौकात तालीम. आजी म्हणाल्यात, खुर्ची नको, मी चटईवरच बसेन, पुढे.